घोटीहून आलेली उचकी

मनुष्याच्या देहातली बहुतेक खाती कोणाच्या ना कोणाच्या हुकमतीखाली चालतात. पोट वैद्याच्या ताब्यात असते, जीभ स्वयंपाकघराच्या आणि पाठीचा कणा कचेरीतल्या साहेबाच्या. एक उचकी तेवढी कोणाची बांधील नाही. ती विचारून येत नाही. भर सभेत येते, श्राद्धाचा संकल्प सोडताना येते, आणि मामलेदारासमोर उभे राहिले की हटकून येते. ती का येते हे मात्र आपल्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. कोणीतरी कोठेतरी आपली आठवण काढली, की आपल्याला उचकी लागते. लागली, की एकेका माणसाचे नाव घेत जावे. ज्या नावाला ती थांबेल तो आठवण काढत होता असे समजावे. (हा नियम कोणत्या ग्रंथात आहे असे विचारणारे लोक असतात. त्यांना उचकी लागत नसावी.)

साहेबाने आगगाडी काढली, तारायंत्र काढले, विमान आकाशात नेले. पण पत्ता, तिकीट आणि पोस्टमन यांपैकी काहीही न लागणारी एक टपालव्यवस्था हिंदुस्थानात घरोघर फुकट चालू आहे, हे त्याच्या डोक्यात आले नाही. ते आले भिमाजीराव जेजुरकरांच्या डोक्यात, नाशकात, सन एकोणीसशे चौतीसच्या सुमारास. प्रस्तुत लेखक त्या वेळी 'नाशिक रसस्मरण प्रसारक मंडळा'चा चिटणीस होता, म्हणून ही हकिकत त्याच्या गळ्यात पडली आहे. मंडळाचे कार्य केवढे थोर होते हे आज कोणीच सांगत नाही. तेव्हा आम्हीच सांगतो.

भिमाजीराव नाशिक रोडच्या स्टेशनावर तारमास्तर होते. जन्मभर त्यांनी लोकांच्या बातम्या कट्ट-कडकट्ट करून इकडच्या तिकडे पाठवल्या, आणि निवृत्त झाल्यावर त्यांचे बोट घरात जे सापडेल त्यावर वाजू लागले. पाट, डबे, शेजाऱ्याची भिंत, काही सुटले नाही. शेजाऱ्याने तक्रार केली तेव्हा ते वाजवायचे थांबले आणि विचार करू लागले. (निवृत्त माणसाने विचार करू नये असे आमचे स्पष्ट मत आहे, पण ऐकतो कोण?) त्यांचा सिद्धांत असा: माणसाला माणसाची खरी आठवण येते ती घास तोंडात असताना. आंघोळ करताना कोणाला मावशी आठवत नाही. पण अळूची भाजी जिभेवर पडली की 'मावशीच्या हाताची सर नाही' हे वाक्य निघालेच, आणि तिकडे मावशीला उचकी लागलीच. म्हणजे आठवण चवीच्या पाठीवर बसून प्रवास करते. मग आठवण पोहोचते आणि चव का पोहोचत नाही? तर ती वाटेत सांडते. ती सांडू नये एवढी सोय केली, की झाले.

ही सोय म्हणजे तांब्याची एक ताटली आणि तिच्याखाली तारखात्याने मोडीत काढलेली बॅटरीची दोन भांडी. ताटलीतला घास खाताना ज्याची आठवण काढावी त्याला उचकी लागावी, आणि उचकीबरोबर त्या घासाची चव त्याच्या तोंडात उतरावी. मंडळाने या यंत्राला 'रसस्मरणवाहक' असे नाव दिले. गावाने 'उचकीचं ताट' असे दिले, आणि तेच चालले.

ताटलीला कल्हई लावली भद्रकालीतल्या कादरभाईंनी. (तांब्याला कल्हई नसली तर पदार्थ कळकतो, आणि कळकलेली आठवण कोणाला हवी?) कल्हई नीट बसली की नाही हे पाहायला कादरभाईंनी त्यातच घरचा रस्सा वाढून घेतला. खाताना त्यांना मालेगावला कापड विणत मागावर बसलेल्या आपल्या मेहुण्याची, खलीलची, आठवण झाली. तिसऱ्या दिवशी त्यांचे कार्ड आले: 'रस्सा पोहोचला. मीठ कमी होतं, आपाला सांगा.' (आपा म्हणजे त्यांची थोरली बहीण, कादरभाईंची बायको.) जगातला हा पहिला यशस्वी प्रयोग होय. त्यावर मंडळाच्या काही सोवळ्या सभासदांनी असा प्रश्न आणला की, नाशकाहून मालेगावास रस्सा हवेतून गेला तेव्हा वाटेत ज्यांची घरे लागली त्यांच्या सोवळ्याचे काय? तो विचारार्थ ठेवण्यात आला. (अद्याप ठेवलेला आहे.)

भिमाजीराव यंत्र काढून मोकळे झाले. पण ज्याला नियम नाहीत ते यंत्र कसले, ती तर सोय झाली! म्हणून मंडळाने पुढचे काम अंगावर घेतले. शास्त्रात रस सहा. जगात बातम्याही, नीट पाहिले तर, सहाच. त्यांची सांगड पुढीलप्रमाणे घालण्यात आली:

गोड: सर्व कुशल.
आंबट: सुनेला दिवस गेले.
खारट: गेल्या खेपेचे उपकार विसरू नयेत.
तिखट: वाटणीचा दावा लागला.
कडू: असाल तसे निघून या.
तुरट: सविस्तर पत्र मागाहून लिहीत आहोत.

(तुरट ही चव सरकारी कचेऱ्यांसाठी राखून ठेवावी अशी एक उपसूचना होती. ती कचेरीतल्याच एका सभासदाने आणली होती.) खारटावर थोडे विघ्न आले. मिठाचा सत्याग्रह लोक अजून विसरले नव्हते, आणि सरकार तर मुळीच विसरले नव्हते. हवेतून जाणाऱ्या मिठावरचा कर कोण भरणार, हे विचारायला एक पोलीस जमादार मंडळात आले. त्यांना चहा देण्यात आला. चहा गोड होता, म्हणून प्रकरण मिटले.

आंबटाने मात्र घोटाळा केला. मंडळाचे उपाध्यक्ष काही कामासाठी नांदगावी गेले असता त्यांनी तेथे बरोबर नेलेल्या ताटलीत चिंचेचे सार भुरकले आणि सहज सासूबाईंची आठवण काढली. नाशकात सासूबाईंना उचकी लागली, जावयाच्या नावाला थांबली, आणि तोंडाला चव आली आंबटढाण! उपाध्यक्ष परत आले तेव्हा त्यांच्या दारात डोहाळजेवणाची पंगत उठत होती आणि पत्नी फुलांच्या वाडीसकट झोपाळ्यावर बसवलेली होती. 'अहो, तसं काही नाही हो' असे ती बिचारी घसा कोरडा करून सांगत होती. पण यंत्र काय खोटे बोलते, असे म्हणून बायका तिला आणखी एक करंजी भरवीत होत्या. (त्या घराण्यात पुढे रीतसर पाळणा हलला. उशिरा का होईना, यंत्राचे म्हणणे खरे ठरले.)

इतका बोलबाला झाल्यावर जाहीर प्रयोग करणे भागच होते. मंडळाचे अध्यक्ष रावसाहेब धामणकर, वकील, यांनी योजना आखली ती अशी. भिमाजीरावांनी ताटली घेऊन घोटीच्या स्टेशनावर जावे आणि तेथे पेढा खावा. उचकी घेणाऱ्याने नाशकात, रावसाहेबांच्या माडीवर, मंडळासमक्ष बसावे. त्याला उचकी लागावी, त्याने नावे घेत जावे, भिमाजीरावांच्या नावाला ती थांबावी आणि तोंडात पेढ्याची चव राहावी. उचकी निघाल्याची खबर साध्या तारेने द्यावी. (मंडळाचा यंत्रावर विश्वास नव्हता असे नाही, पण तारेची सवय होती.)

उचकी घेणार कोण, हा प्रश्न निघताच भिमाजीरावांच्या घरी भरलेली ती सभा एकदम आजारी पडली. एकेक सभासद उठून आपली प्रकृती सांगू लागला. उचकी कोणाच्या नावाला थांबेल हे आधी सांगता येत नाही आणि माडीवर घरची मंडळीही बसणार होती, हेच त्या आजाराचे मूळ असावे. शेवटी स्वयंपाकघराच्या दाराशी उभ्या असलेल्या चिमणाबाई म्हणाल्या, "मी बसते."

चिमणाबाई म्हणजे भिमाजीरावांच्या पत्नी. भिमाजीराव त्यांना 'मंडळी' म्हणत आणि आम्हाला 'मंडळ', आणि दोन्हींशी बोलणे होईल तो टाळत. सभेने चिमणाबाईंच्या विज्ञाननिष्ठेबद्दल अभिनंदनाचा ठराव केला. ती निष्ठा कशावर होती हे शेजारच्या कुसाबाईंना विचारावे. "कशाला गं चारचौघांत शोभा करून घेतेस?" असे कुसाबाईंनी मेथी निवडता निवडता म्हटले, तेव्हा चिमणाबाईंनी हातातली काडी खाली टाकली.

"अगं, घरात असतात तेव्हा ह्यांचं सगळं लक्ष त्या ताटलीकडे. मी पुढ्यात वाढते, तर वाढणारी कोण हे मान वर करून बघतसुद्धा नाहीत. घोटीला जाऊन तरी ह्यांना माझी आठवण येते का नाही, एवढं मला कळू दे. मग काय घालायचा तो गोंधळ घाला म्हणावं!"

मंडळाला यातले काहीच ठाऊक नव्हते. त्याच्यापुढे वेगळाच पेच होता. उचकी थांबायला भिमाजीरावांचे नाव घ्यायला हवे. आणि बायकोने नवऱ्याचे नाव घ्यायचे, तेही रावसाहेबांच्या माडीवर, म्हणजे कलियुगच. नुसते 'हे' म्हणून भागावे, अशी एक सूचना आली. पण 'हे' हे सर्वनाम पडले. त्याने उचकी थांबली तर ती नाशकातल्या नेमक्या कोणत्या 'ह्यां'ची, हे कोर्टात शाबीत होणार नाही, असा रावसाहेबांचा अभिप्राय पडला. तेव्हा उपसमिती नेमली गेली. तिने बऱ्याच बैठकांनंतर (आणि बऱ्याच चिवड्यानंतर) असा निर्वाळा दिला की, उखाण्यात घेतलेले नाव हे घेतल्यासारखे असल्यामुळे शास्त्राला आणि न घेतल्यासारखे असल्यामुळे धर्माला मान्य व्हावे. आजवर नाशकात नेमलेल्या उपसमित्यांपैकी काहीतरी ठरवणारी ही एकच.

प्रयोगाच्या दिवशी माडीवर पाय ठेवायला जागा नव्हती. एका अंगाला मंडळ, दुसऱ्या अंगाला बायका, मध्ये पाटावर नवे लुगडे नेसून चिमणाबाई. जेवणवेळेच्या सुमारास घोटीहून तार आली. (तारेतले इंग्रजी येथे मराठीत देतो.) 'पेढा सिद्ध. आठवण सुरू.' ती वाचून होते न होते तो चिमणाबाईंना उचकी लागली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. उचकीला टाळ्या मिळाल्याचा हा पहिलाच प्रसंग असावा.

रिवाजाप्रमाणे आधी माहेर. आई, बाबा, भाऊ, भावजय, आत्या, मामा, थांबेना. मग सासर, वडीलधारी नात्याने आणि धाकटी नावाने, तरी थांबेना. रावसाहेबांनी आपलेही नाव घेऊन पाहावे असे सुचवले, कारण ते सगळ्या गावाचीच काळजी वाहत असत. त्यांच्या नावाला ती उलट वाढली. पण एकेक नाव बाद होत होते तसा चिमणाबाईंचा चेहरा खुलत चालला होता. आता उरले कोणाचे नाव, हे त्यांना कळत होते, आम्हाला कळत होते, आणि कोपऱ्यात पेंगणाऱ्या त्यांच्या आत्येसासूबाईंनाही कळत होते. उचकी आता अशी लागली होती की त्यांना धड बसवेना.

कुसाबाईंना राहवले नाही. त्या पाण्याचा तांब्या घेऊन पुढे आल्या.

"पी गं बाई दोन घोट. किती तो जीव घाबरा करून घ्यायचा?"

"नको कुसाबाई. पाणी प्याले तर थांबेल."

"थांबावी म्हणूनच तर देतेय!"

"आणि मग कोण होतं ते कळायचं कसं?"

चिमणाबाईंनी तांब्या बाजूला सारला, पदर सावरला, आणि लाजत, हसत, दोन उचक्यांच्या फटीतून उखाणा घेतला:

"गोदावरीच्या पुरात हेलकावे खाते नाव,
उचकी थांबावी म्हणून घेते भिमाजीरावांचं नाव."

बायकांनी 'अय्या' केले, मंडळाने 'वाहवा' केले. रावसाहेबांनी खिशातले घड्याळ काढले. सगळी माडी कान देऊन बसली. आणि उचकी आली, आधीच्या सगळ्यांपेक्षा मोठी.

मंडळाच्या कामकाजात येथे 'सभेत शांतता पसरली' एवढेच लिहिले आहे. शांतता कसली, चांगली कुजबुज होती. माहेरच्यांच्या नावाला थांबत नाही, सासरच्यांच्या नाही, नवऱ्याच्याही नाही. मग बाई, ही उचकी कोणाची? ज्या बायका इतका वेळ चिमणाबाईंना खेटून बसल्या होत्या त्यांना एकाएकी उकडू लागले आणि त्या खिडकीकडे सरकल्या. चिमणाबाईंचे तिकडे लक्ष नव्हते. त्यांचे तोंड एवढेसे झाले होते. "म्हणजे नाहीच आली ह्यांना माझी," असे त्या पुटपुटल्या, आणि आम्हाला, चिटणीस असूनही, फार वाईट वाटले.

रावसाहेब मात्र मुरलेले. त्यांनी विचारले, "बाई, पेढा लागतोय का जिभेला?" (नियमात नाव आधी आणि चव मागाहून होती, म्हणून हा प्रश्न तोवर कोणी विचारला नव्हता.)

चिमणाबाईंनी डोळे मिटून तोंडातल्या तोंडात जीभ फिरवली. "पेढा नाही हो. भाकरी आहे. नागलीची." पुन्हा उचकी. "एका बाजूनं करपलेली. वर खुरासणीची चटणी... अगं बाई, ही तर फुली! घोटीची फुली गं, कुसाबाई! भाकरी तव्यावर टाकायची आणि बडबडत बसायची! फुलाबाई!"

उचकी थांबली. बायका खिडकीकडून पुन्हा जवळ सरकल्या, कारण तिकडे वारा फार होता.

मंडळाने प्रयोग रद्द ठरवला, हे सांगायला नकोच. पेढा पाठवला असता भाकरी मिळणे ही कोणत्याही खात्यात अफरातफरच होय. घोटीला खुलाशाची तार गेली, आणि जे कळले ते असे. भिमाजीरावांनी ताटलीत पेढा ठेवला, 'आठवण सुरू' अशी तार केली, आणि पेढा उचलणार तोच स्टेशनमास्तर हार घेऊन आले व दोन शब्द बोला म्हणाले. जन्मभर दुसऱ्यांचे शब्द मोजून पाठवलेला माणूस तो. त्याला स्वतःचे दोन शब्द बोलायला कोणी प्रथमच सांगत होते. भिमाजीराव जे सुरू झाले ते मालगाडी येऊन गेली तरी थांबले नाहीत. भाषणाच्या ओघात 'आमची मंडळी या घोटीचीच, इथल्या दाणेवाल्यांची लेक' असे वाक्य आले. फलाटावर गाडीची वाट बघत फुलाबाई बसली होती. ती डोंगरातल्या ठाकरवाडीची. लहानपणी ती दाणेवाल्यांच्या दुकानी करवंदे घेऊन येई, आणि दुकानामागे बसून चिमणाबाई आपली पोळी तिला देत व तिची करपलेली भाकरी आपण खात. लग्न होईपर्यंत दोघींचा हा व्यवहार चालू होता. बाकावर एक ताटली बेवारशी दिसली, म्हणून फुलाबाईने त्यातला पेढा मुंग्या लागू नयेत अशा बेताने उचलून बाजूला ठेवला, आपली भाकरी सोडली, आणि 'दाणेवाल्यांची लेक' हे शब्द कानांवर पडले तेव्हा तिच्या तोंडात पहिला घास होता.

संध्याकाळच्या गाडीने भिमाजीराव गळ्यातल्या हारासकट घरी आले.

"काय, पोहोचली का?"

"पोहोचली की. तुम्ही पेढा खाल्लात?"

"खाणारच होतो."

"आणि माझी आठवण?"

"काढणारच होतो गं! तेवढ्यात भाषण करायला लावलं. सगळं भाषण तुझ्यावरच केलं, हवं तर विचार घोटीत कोणालाही."

चिमणाबाईंनी कोणालाही विचारले नाही. त्यांनी ताटली घासून फळीवर ठेवली, वळकटी बांधली, आणि दुसऱ्या दिवशी सकाळच्या पॅसेंजरने घोटी गाठली. भावाकडे जाते असे सांगून गेल्या. गेल्या त्या थेट ठाकरवाडीवर.

पुढचे चिमणाबाईंनी कुसाबाईंना सांगितले आणि कुसाबाईंनी नाशकाला. फुलाबाई भात कापीत होती. चिमणाबाईंना बघितले तशी तिने विळा टाकला.

"चिमे, तूच ना गं? लय जाड झाली तू!"

"तू नाही झालीस ती. अजून भाकरी करपतेच का गं तुझी?"

"करपंल नाय तर काय! भाकर टाकली का तू आठवती, आन् तुझ्या नादात एक बाजू जाती. रोजचं हाय ते." मग तिने डोळे बारीक केले. "तुला कधी उचकी नाय लागली व्हय?"

"लागायची की. नेमकी जेवताना लागायची. इतकी वर्षं लागायची."

"मंग माझं नाव नाय घेतलं कधी?"

चिमणाबाईंना खोटे बोलवेना. "पाणी प्यायचे," त्या म्हणाल्या.

यावर चिमणाबाईंना रडू आले आणि फुलाबाईला हसू आले. मग गळ्यात गळे घालून दोघींनी दोन्ही केले. त्यानंतर भाकरी खाल्ली. ती करपलेली होती.

इकडे भिमाजीरावांची आबाळ सुरू झाली. खाणावळीचा डबा आला, तो काढून घ्यायला घरात घासलेले असे एकच भांडे निघाले, ते म्हणजे फळीवरची ताटली. ती बॅटरीला जोडावी की न जोडावी, याचा विचार करण्याच्या मनःस्थितीत ते नव्हते. सवयीने त्यांनी ती जोडली आणि जेवायला बसले. आमटीत पाणी होते आणि तिखट होते, तिसरे काही नव्हते. "हिच्या हातची..." एवढेच वाक्य भिमाजीरावांच्या तोंडून निघाले. त्यांनी मान वर करून बघितले. समोर वाढणारे कोणी नव्हते.

ठाकरवाडीवर चिमणाबाईंना उचकी लागली.

"अगं आई गं, काय तिखट!" त्या ओरडल्या, आणि अशा मोठ्याने हसल्या की खाचरातले बगळे उडाले. फुलाबाई पाणी आणायला उठली, तर त्यांनी तिला हात धरून खाली बसवले. "नको गं. राहू दे."

"आगं मंग नाव घे. थांबंल."

"नवऱ्याचं नाव? कसं घेऊ बाई? आपल्यात घेतात का कुठं!"

एवढे बोलून चिमणाबाई खुशाल उचक्या देत बसल्या. उखाण्याची सवलत उपसमितीने दिलेली होती, ती त्यांनी वापरली नाही. तिखटाचा नेमून दिलेला अर्थ 'वाटणीचा दावा लागला' असा आहे, तोही त्यांनी धाब्यावर बसवून आपल्या मनासारखा अर्थ लावला. भिमाजीराव खाणावळीच्या जेवणाला पुरते विटेपर्यंत त्यांनी घोटी सोडली नाही, आणि परत आल्या तेव्हा भिमाजीराव टांगा घेऊन नाशिक रोडला उभे होते. (मंडळाच्या मते हा यंत्राचा निखालस दुरुपयोग होय.)

मंडळ पुढे फार दिवस चालले नाही, त्याला कारण खुद्द रावसाहेब. गावात आपली आठवण किती लोक काढतात हे एकदा नक्की व्हावे, म्हणून त्यांनी ताटली रविवार कारंज्यावर मांडली, तीत जिलबी ठेवली, आणि आपल्या कृपेतल्या माणसांची नावे घोकत स्वतः माडीवर बसले. लोक आले. जिलबी खाऊन गेले. काही दोनदा आले. संध्याकाळपर्यंत रावसाहेबांना एकही उचकी लागली नाही. कल्हई उडाली असावी, असा मंडळाने निष्कर्ष काढून कादरभाईंना बोलावले. ते ताटली उजेडात धरून म्हणाले, "कल्हईला काय झालंय, रावसाहेब? आरशासारखी आहे. बघा ना, तुम्हीच दिसताय." त्यानंतर मंडळाची सभा भरली ती विसर्जनाचीच.

त्या शेवटच्या सभेत एकच ठराव झाला आणि तो एकमताने झाला: उचकी लागल्यास नागरिकांनी पाणी प्यावे. या उपायाचे फायदे ठरावात दिलेले आहेत. पाणी सर्वत्र मिळते, ताबडतोब गुण येतो, आणि मुख्य म्हणजे कोणालाही न आठवता उचकी थांबते. मंडळाच्या सगळ्या ठरावांपैकी जनतेने मनापासून उचलून धरलेला हा एकच. आज मंडळ नाही, रावसाहेब नाहीत, पण ठरावाची अंमलबजावणी घरोघर चालू आहे. तुमच्याकडेही ती चोख आहे. परवा जेवताना तुम्हाला उचकी लागली होती. तुम्ही दोन-तीन नावे घेतलीत, तीही ज्यांच्याकडे तुमचे काही काम अडले होते त्यांची. ती नावे लागू पडली नाहीत. तेव्हा तुम्ही पाणी जवळ ओढून घटाघटा प्यालात आणि भात कालवायला घेतलात. तिकडे कोणीतरी घास हातात धरून जरा वेळ थांबले होते, मग त्यांनीही तो खाल्ला. मंडळ आपले आभारी आहे.